हिरो कवा येणार?

२०२१ सालच्या सुरुवातीची गोष्ट. लॉकडाऊन उठला होता, पण थिएटरात जायला लोक अजून बिचकत होते. झी टॉकीजवर ‘गस्त’ नावाचा नवा सिनेमा थेट टीव्हीवरच दाखवणार होते. आमच्या माढ्यातल्या घरी टीव्ही आहे, पण सिनेमा बघायचा तो चुलत्यांकडे, ही जुनी रीत. काकू परातीत शेंगा फोडत बसली होती, दादा दुकान बंद करून आला होता आणि मी मोबाइलवर नोट्स काढायच्या तयारीत होते. तानाजी गळगुंडे पडद्यावर आला तसा काकूचा हात थांबला. “ह्यो तर आपल्या बेंबळ्याचा की गं!” तिला कोण आनंद झाला. बेंबळे माढा तालुक्यातलंच.

अर्धा तास गेला. शेंगांचा ढीग अर्धा झाला. काकूनं पुन्हा मान वर केली आणि विचारलं, “आन् हिरो कवा येणार?”

दादा म्हणाला, “आये, त्योच हाय हिरो.”

काकू काही बोलली नाही. तिनं टीव्हीकडे पाहिलं, मग दादाकडे पाहिलं आणि पुन्हा शेंगा फोडायला लागली.

दादा माझा चुलतभाऊ. लहानपणी पोलिओ झाला, तेव्हापासून डावा पाय बारीक आणि आखूड आहे. त्याचं रिचार्ज आणि झेरॉक्सचं दुकान आहे. गावातल्या निम्म्या फोनमध्ये त्याचा नंबर ‘लंगडा रिचार्ज’ या नावानं सेव्ह आहे. हे मला त्यानंच दाखवलं होतं. दुरुस्तीला आलेल्या एका फोनमध्ये त्याला स्वतःचाच नंबर तसा सापडला.

काकूचा तो प्रश्न माझ्या डोक्यातून अजून गेलेला नाही. मी सिनेमा आणि मालिकांवर लिहिते. तानाजी गळगुंडेवर कुणी सलग लिहिलेलं माझ्या वाचनात नाही. बातम्या आहेत, मुलाखती आहेत, ‘बघा आता कसा दिसतो लंगड्या’ छापाची थंबनेलं आहेत. त्याच्या कामाबद्दल मात्र जवळजवळ काहीच नाही. आणि त्या ‘काहीच नाही’मध्ये माझाही वाटा आहे.

टीव्हीवर माढ्याचं नाव येतं ते लोकसभेच्या वेळी. शरद पवार २००९ साली इथून निवडून गेले तेव्हापासून दर निवडणुकीत ‘माढ्याचा तिढा’ हा मथळा ठरलेला असतो. निवडणूक संपली की कॅमेरे गायब. त्यामुळे २०१६ च्या एप्रिलमध्ये ‘सैराट’ आला तेव्हा आम्हाला जे वाटलं ते पुण्या-मुंबईच्या लोकांना सांगून कळणार नाही. जेऊर, केम, कुर्डुवाडी, माढा ही एकाच रेल्वेरुळावरची स्टेशनं. नागराज मंजुळे जेऊरचे. ‘फँड्री’तला जब्या, म्हणजे सोमनाथ अवघडे, केमचा. आकाश ठोसर करमाळ्याचा, रिंकू राजगुरू अकलूजची आणि तानाजी आमच्या तालुक्यातला. पडद्यावर आमचा ऊस होता, आमच्या विहिरी होत्या, आमचं बोलणं होतं. आम्ही बार्शीला जाऊन सिनेमा पाहिला. दादा दोनदा जाऊन आला.

मी तेव्हा कॉलेजात होते. भित्तिपत्रकासाठी मी ‘सैराट’चं परीक्षण लिहिलं, ते अजून माझ्या फाइलमध्ये आहे. रिंकूवर दोन परिच्छेद, दिग्दर्शनावर तीन, अजय-अतुलच्या संगीतावर एक. शेवटी एक ओळ : ‘लंगड्याचं काम एकदम नॅचरल.’

नटाचं नाव मी लिहिलं नव्हतं. पात्राचंही नाही. कारण त्या पात्राला सिनेमात नाव आहे, प्रदीप. मी त्याला हाक मारली ती त्याच्या पायावरून. आणि ‘नॅचरल’ हा शब्द मला वाटलं कौतुकाचा आहे.

त्या शब्दाकडे थोडं नीट बघू.

२००६ साली विशाल भारद्वाजचा ‘ओंकारा’ आला. त्यात सैफ अली खाननं लंगडा त्यागी केला. सैफ चॉकलेट हिरो म्हणून ओळखला जायचा. त्यानं केस कापले, दात रंगवले, पाय ओढत चालला. त्याचं एवढं कौतुक झालं की ती भूमिका त्याच्या आयुष्यातला टप्पा ठरली. खलनायकाचं फिल्मफेअरही मिळालं. त्या कौतुकाबद्दल माझी तक्रार नाही, काम खरंच तोडीचं आहे. पण हिशेब असा होतो की धडधाकट माणूस पडद्यावर लंगडला तर त्याला अभिनय म्हणायचं, आणि ज्याचे पाय मुळातच तसे आहेत त्यानं पडद्यावर प्रेम केलं, मार खाल्ला, हसवलं, तर त्याला ‘नॅचरल’ म्हणायचं. म्हणजे त्यानं काही केलंच नाही. तो नुसता तिथं होता आणि कॅमेऱ्यानं त्याला उचललं.

‘सैराट’ परत बघा. फोनवर बघितला तरी चालेल, पण गाणी पुढं ढकलून फक्त मित्रांचे प्रसंग बघा. तिघांचे वेग वेगळे आहेत. परश्या धावतो. अरबाज शेखचा सल्या तोंडानं धावतो, त्याचं वाक्य समोरच्याचं संपायच्या आत सुरू होतं. तानाजीचा प्रदीप उशिरा बोलतो. त्याला ऐकू सगळं येतं, कळतंही सगळं, पण प्रतिक्रिया द्यायला तो एक श्वास जास्त घेतो. विनोद तिथं तयार होतो. हसू येतं ते त्याच्या चालण्याला नाही, त्या एका श्वासाला. हे चालण्याच्या पद्धतीतून आपोआप येत नाही. हे टायमिंग आहे. तमाशातल्या सोंगाड्याला जे वर्षानुवर्षं घासून मिळवावं लागतं, ते. तो कुठल्या नाट्यशाळेतून आलेला नव्हता. पण शिकलेला नसणं आणि कमावलेलं नसणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. खेड्यात ज्याला रोज कुणीतरी चिडवतं, तो कुठल्या क्षणी बोलायचं आणि कुठल्या क्षणी गप्प बसायचं हे फार लवकर शिकतो. दादाचंही तसंच आहे. गिऱ्हाईक काय बोलणार हे त्याला आधी कळतं, आणि तो ते बोलू देतो.

मग तो प्रसंग. प्रदीपलाही एक मुलगी आवडते. सिनेमाच्या मोठ्या प्रेमकथेच्या कडेला ही छोटीशी प्रेमकथा चाललेली असते. तिच्यासमोर आपण कोण म्हणून उभे आहोत, प्रदीप की लंगड्या, हे त्याला कळतं तेव्हा त्याचा चेहरा पडतो. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा थिएटरात माझ्या मागची पोरं हसत होती, आणि इथं येऊन एकदम गप्प झाली. मी त्या मुलीच्या बाजूनं पाहत होते हे मला नंतर कळलं. मुलगी म्हणून मला ठाऊक होतं की अशा मुलाकडे आम्ही कसं बघतो. वाईट नजरेनं नाही बघत. चांगल्याच नजरेनं बघतो. त्याला दप्तर धरायला देतो, त्याच्याकडून वह्या घेतो, त्याला भाऊ मानून टाकतो. तो प्रेमात पडू शकतो ही शक्यताच आम्ही धरलेली नसते.

त्या प्रसंगात तानाजी जे करतो ते करायला भल्या भल्या नटाला कठीण जाईल. इतका वेळ ज्या शरीरावर सिनेमा हलकेच हसत होता, त्याच शरीराला तो प्रेक्षकासमोर ठेवतो आणि म्हणतो, आता हसा. बोलून नाही म्हणत. पण म्हणतो. मी यालाच ‘नॅचरल’ लिहून मोकळी झाले होते.

इथं मंजुळेंनाही एक प्रश्न विचारायला हवा. मला त्यांचे सिनेमे फार आवडतात, म्हणूनच विचारते. ‘सैराट’ त्या नावाला टोचतो, तरी तेच नाव वापरतो. दोन्ही एकाच वेळी. गावात असंच असतं हे उत्तर बरोबर आहे. लंगड्या, चकण्या, बुटक्या, तोतऱ्या, आमच्याकडे अर्ध्या गावाची हजेरी अशी घेता येते. ‘दिव्यांग’ हा शब्द आम्ही फक्त सर्टिफिकेटवर आणि एसटीच्या पासवर वाचतो. पण सिनेमा मध्यंतरानंतर हैदराबादला जातो तो अर्ची आणि परश्याबरोबर. त्यांच्यासाठी जीव धोक्यात घालणारे, बेदम मार खाणारे दोघे मित्र मागं राहतात. कथेची गरज म्हणून ते मला मान्य आहे. परश्याच्या पुढच्या आयुष्यातल्या दुधाच्या पिशवीपर्यंत सगळं आपल्याला दिसतं. प्रदीपचं पुढं काय झालं हे बघायला सिनेमा थांबत नाही.

तानाजीची पुढची वाटचाल मला याच्याशी जोडलेली दिसते.

‘सैराट’ मराठीतला पहिला शंभर कोटींचा सिनेमा ठरला. कन्नड, पंजाबी, ओडिया, बंगाली, हिंदी असे त्याचे रिमेक निघाले. २०१८ चा हिंदी ‘धडक’ तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिला असेल. त्यात कथा उदयपूरला गेली, जात जवळजवळ पुसली गेली, बरंच काही बदललं. पण नायकाच्या दोन मित्रांपैकी एकाचं शरीर ‘वेगळं’ असलं पाहिजे हा नियम मात्र त्यांनी पाळला. तिथं पुरुषोत्तम नावाच्या मित्राच्या भूमिकेत श्रीधर वत्सर आहे. लहानपणी ‘बालवीर’ पाहिलेल्यांना तो ठाऊक असेल. कमी उंचीचा हा नट फार चांगला आहे. पण बघा, लंगडणाऱ्या मित्राच्या जागी बुटका मित्र. लिहिणाऱ्यानं आणि निवडणाऱ्यानं ‘सैराट’मधून उचलली ती जागा. माणूस कुठलाही बसवा, खुर्ची तीच. मंजुळेंच्या सिनेमात प्रदीपला स्वतःचं एक दुखणं होतं. रिमेकमध्ये खुर्ची आली आणि दुखणं तिकडंच राहिलं.

इकडे मराठीत ‘सैराट फेम’ नावाचं एक आडनाव जन्माला आलं. पोस्टरवर ‘सैराट फेम तानाजी गळगुंडे’, बातमीत ‘सैराट फेम लंगड्या’. आकाश आणि रिंकूच्या नावापुढचं ते शेपूट हळूहळू गळालं. याच्या नावापुढचं गळेना. २०२१ च्या शेवटी आलेल्या ‘फ्री हिट दणका’मध्ये तर सोमनाथ अवघडे, अरबाज शेख आणि तानाजी हे तिघेही होते. मंजुळेंच्या सिनेमातली पोरं एका ठिकाणी गोळा केलेली. जाहिरातीत ‘फँड्री फेम’, ‘सैराट फेम’. जणू ती नटमंडळी नव्हती, जुन्या हिटचे सुटे भाग होते.

मी त्याला टीव्हीवरचा नट म्हणते याचं आश्चर्य वाटेल, पण ‘सैराट’नंतर आमच्या घरात तो पोहोचला तो टीव्हीमधूनच. आणि एकाच वर्षात दोन अगदी उलट्या रूपांत.

पहिलं रूप ‘गस्त’. समोर मोनालिसा बागल, आणि हा नायक. गावात चोरांची भीती पसरलेली, रात्री पोरं काठ्या-बॅटऱ्या घेऊन पहारा देतायत, आणि त्या पहाऱ्याच्या आडून एक प्रेमप्रकरण. सिनेमा म्हणून फार मोठा नाही. विनोद कुठंकुठं ताणलेला वाटतो, आणि टीव्हीसाठी केलेल्या सिनेमाचा एक सपाट उजेड असतो तो इथंही आहे. पण त्यात एक गोष्ट घडते ती मराठी पडद्यावर मी फारशी पाहिलेली नाही. कॅमेरा त्याच्यापाशी थांबतो. नायकाला मिळतो तसा वेळ त्याला मिळतो. बघणं, लाजणं, वाट बघणं, खोटं बोलणं, ते पकडलं जाणं. ‘सैराट’मध्ये जो एक जास्तीचा श्वास विनोदासाठी होता तो इथं प्रेमासाठी वापरता येतो, कारण आता समोरच्या माणसाला थांबावं लागतं. तो नायक आहे.

गस्तीची आमच्याकडची खरी गोष्ट सांगते, कारण त्याशिवाय त्या रात्री आमच्या घरात काय झालं ते कळणार नाही. आमच्या भागात दोन-तीन वर्षांनी एकदा चोरांची आवई उठते. अमक्या वस्तीवर चड्डी-बनियनवाले आले, तमक्या गावात कुत्री मारली. मग पोरं वाड्या-वस्त्यांवर पहारा लावतात. ऊस उभा असला की भीती जास्त, कारण आत माणूस शिरला तर दिसत नाही. दादाच्या तरुणपणी अशी गस्त लागली तेव्हा त्यालाही जायचं होतं. “चोर आल्यावर तू पळणार कसा?” असं त्याला विचारलं गेलं. चेष्टेत नाही, काळजीनं. मग त्याला पारावर बसवलं. शिट्टी दिली. काही झालं तर वाजव म्हणाले. पंधरा दिवस तो रात्रभर शिट्टी घेऊन पारावर बसला. शिट्टी एकदाही वाजली नाही.

आणि आता टीव्हीवर आमच्याच तालुक्यातला, तसाच एक पोरगा गस्तीवर होता. पारावर बसलेला नव्हता, पुढं होता. मला वाटतं काकूनं ‘हिरो कवा येणार’ विचारलं ते न कळून विचारलं नाही. तिनं तिच्या मुलाला तीस वर्षं जिथं बसवलं होतं, तिथूनच ती सिनेमा बघत होती.

दुसरं रूप काही महिन्यांत आलं. ऑगस्ट २०२१ मध्ये झी मराठीवर ‘मन झालं बाजिंद’ सुरू झाली. सातारा भाग, हळदीचा पिवळा रंग, राया आणि कृष्णा यांची प्रेमकथा. निर्मिती तेजपाल वाघ यांची, ज्यांनी त्याआधी ‘लागिरं झालं जी’ लिहिली होती. तानाजी इथं पुन्हा नायकाच्या गोटात, नायकाचा सोबती. वैभव चव्हाण राया, श्वेता खरात कृष्णा, आणि हा बाजूला. मालिका पुढच्या जूनपर्यंत चालली. काकूनं एकही भाग चुकवला नाही. गंमत म्हणजे इथं तिनं हिरोबद्दल एकदाही विचारलं नाही. सगळं आपापल्या जागी होतं.

डेली सोपमधल्या मित्राचं काम काय असतं हे जरा उलगडून सांगते, कारण आपण ते रोज पाहतो आणि दिसत नाही. वीस-बावीस मिनिटांचा भाग, आठवड्याचे बहुतेक दिवस. नायकाच्या मनात काय चाललंय हे प्रेक्षकाला सांगायचं, तर नायकानं ते कुणाला तरी सांगायला हवं. म्हणून मित्र. मित्र प्रश्न विचारतो, नायक उत्तर देतो. मित्र निरोप नेतो, निरोप चुकतो, त्यावर तीन दिवस निघतात. मित्र मधूनमधून हसवतो, म्हणजे रडारडीचा ट्रॅक प्रेक्षकाला झेपतो. मित्राला घर नसतं. असलं तर एका प्रसंगापुरती आई असते. त्याचं लग्न ठरलं तर ते विनोदी असतं. हे लेखकाचं पाप नाही, रोज एक भाग पाडायच्या कारखान्याची ती गरज आहे. चांगले नट यातूनही काही काढतात. ‘लागिरं’मध्ये राहुल मगदूमनं राहुल्या असा केला की लोक त्याच्यासाठी मालिका बघायचे. तानाजीसुद्धा ‘बाजिंद’मध्ये जागा शोधतो. पण त्याची जी खरी ताकद, तो उशिरा येणारा श्वास, त्याला इथं वेळच नाही. मालिकेत शांतता असते ती नायिकेच्या तीन वेळा दाखवलेल्या चेहऱ्यावर. मित्रानं थांबायचं नसतं, पटकन वाक्य टाकून फ्रेममधून जायचं असतं.

भाषेचंही तसंच झालंय. मालिकांनी ‘गावाकडची भाषा’ म्हणून सातारी-कोल्हापुरी ढंगाचं एक ठरीव मिश्रण तयार केलंय. सोलापूर जिल्ह्यातला माणूस तिथं गेला की त्याला आपला हेल थोडा घासून घ्यावा लागतो. ‘सैराट’मध्ये तानाजीची बोली त्याच्या अभिनयाचा निम्मा भाग होती. ती काढली की हात बांधून पोहायला लावल्यासारखं होतं.

आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. ‘सैराट’च्या मागं झी, ‘गस्त’ झी टॉकीजवर, ‘बाजिंद’ झी मराठीवर. म्हणजे मी जी वाटचाल सांगतेय ती बरीचशी एकाच वाड्याच्या तीन खोल्यांत घडली. मोठ्या खोलीत मित्र, मधल्या छोट्या खोलीत नायक, रोजच्या वापरातल्या खोलीत पुन्हा मित्र. वाडा वाईट नाही, त्यानं दार उघडलं म्हणून तर आम्ही त्याला पाहिलं. पण मधल्या खोलीतला प्रयोग पुढच्या खोलीत न्यावा असं कुणाला वाटलं नाही.

‘प्रेक्षक स्वीकारणार नाहीत’ हे याचं नेहमीचं उत्तर. टीव्हीचाच इतिहास ते खोटं ठरवतो. सुधा चंद्रन यांचा पाय १९८१ च्या अपघातानंतर कापावा लागला. जयपूर फूट लावून त्या पुन्हा नाचल्या, ‘मयूरी’ या तेलुगू सिनेमात स्वतःचीच गोष्ट त्यांनी साकारली, मग तिचं हिंदी रूप ‘नाचे मयूरी’ आलं. इथवर त्यांचा पाय हीच त्यांची भूमिका होती. पण २००१ मध्ये ‘कहीं किसी रोज’ आली आणि त्या रमोला सिकंद झाल्या. भल्यामोठ्या टिकल्या, भुवया, कारस्थानं. माझी आई ती मालिका बघायची आणि रमोलाला शिव्या घालायची. त्या बाईचा एक पाय कृत्रिम आहे हे आईला माहीत होतं, पण मालिका बघताना ते तिला एकदाही आठवलं नसेल. मनसोक्त शिव्या घालता येणं हा त्या नटीला मिळालेला मान होता. म्हणजे टीव्ही हे करू शकतो, वीस वर्षांपूर्वी केलंय. फरक एवढाच की सुधा चंद्रन नृत्यांगना होत्या, मुंबईच्या होत्या, आणि ‘जिद्द’ या साच्यात त्यांना बसवता येत होतं. खेड्यातल्या पोराला जिद्दीचाही साचा मिळत नाही. त्याला मिळतो विनोदाचा.

८ जुलै २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयानं निपुण मल्होत्रा विरुद्ध सोनी पिक्चर्स या खटल्यात पडद्यावरच्या अपंगत्वाबद्दल निकाल दिला. ‘आंख मिचोली’ या सिनेमावरून तो खटला होता. त्यातला एक मुद्दा समीक्षकांनी पाठ करावा असा आहे. अपंग माणसाला कमी लेखणारा विनोद वेगळा, आणि अपंगत्व समजावून घेणारा, त्याच्या आतून आलेला विनोद वेगळा. मी हा मुद्दा वाचला तेव्हा मला ‘सैराट’मधला प्रदीप आठवला. तो दोन्हींच्या मधल्या बांधावरून चालतो. कधी इकडं पाय पडतो, कधी तिकडं. आणि जिथं तो बरोबर पडतो तिथं तो नटामुळं पडतो, संहितेमुळं नाही, असं माझं मत झालंय. संहिता त्याला लंगड्या म्हणते, तो प्रदीप करून दाखवतो.

‘सैराट’नंतर त्याच्या पायांवर शस्त्रक्रिया झाल्याच्या बातम्या आल्या. तेव्हा दादाच्या दुकानात मी बसले होते. दोन-तीन पोरं फोनवर ती बातमी बघत होती. एकजण म्हणाला, “आता ह्याला काम कोण देणार? पायच तर चालत हुता त्याचा.” सगळे हसले. वाक्य चतुर होतं हे कबूल केलं पाहिजे. दादा झेरॉक्स मारत होता, त्यानं वर पाहिलं नाही.

त्या पोरानं जे म्हटलं ते आपल्या सगळ्या इंडस्ट्रीचं मत आहे, फक्त ती एवढ्या स्वच्छ शब्दांत बोलत नाही. माणसाचं दुखणं बरं होणं म्हणजे नटाचं भांडवल बुडणं. सैफनं लंगडणं सोडून दिलं तेव्हा ‘आता याचं कसं होणार’ असं कुणी विचारलं नव्हतं. त्याला अभिनय येतो हे गृहीत होतं. तानाजीला पाय येतो, एवढंच गृहीत होतं. आणि ते गृहीत धरणाऱ्यांत मी होते, भित्तिपत्रकावर, निळ्या शाईत.

म्हणून आता जे २०१६ साली लिहायला हवं होतं ते लिहिते. ‘सैराट’मध्ये प्रदीपची भूमिका तानाजी गळगुंडे यांनी केली आहे. वाक्याआधी थांबण्याची त्यांची हातोटी, चेहरा पडू देण्यातला त्यांचा संयम आणि विनोदाचं पारडं एका क्षणात दुःखाकडे झुकवण्याची ताकद यामुळे चित्रपटाचा पूर्वार्ध केवळ गोड न राहता टोचतो. त्यांना पूर्ण लांबीची, विनोदी नसलेली भूमिका मिळाली तर काय होईल हे बघायला आवडेल. सात वर्षांपूर्वीच्या, दहा वर्षांपूर्वीच्या परीक्षणात असं अहो-जाहो करून लिहायची पद्धत असते. एरवी आमच्या तालुक्यातला म्हणून मी अरे-तुरेच करणार.

हा लेख लिहिल्यावर मी दादाला वाचून दाखवला. ‘लंगडा रिचार्ज’चा उल्लेख राहू दे म्हणाला, धंद्याची जाहिरात होईल. शिट्टीच्या गोष्टीवर तो थोडा वेळ गप्प बसला. मग म्हणाला, पंधरा नाही, अकरा दिवस. मी म्हटलं बदलते. तो म्हणाला नको, पंधरा बरे वाटतात.

मग मी त्याला ‘गस्त’बद्दल विचारलं, कारण त्या रात्री काकूच्या प्रश्नानंतर तो सिनेमा संपेपर्यंत काही बोलला नव्हता. कसा वाटला होता तुला?

“बरा हाय,” दादा म्हणाला. “पर गस्तीला कोण एवढं बोलतंय व्हय? निम्मी रात पोरं गप्पाच मारत्यात. चोर पळून जातील की.”

गिऱ्हाईक आलं तसा तो उठला.